मानशीपाशी

सरपंच म्हणाले, शाळेत येऊन दोन शब्द बोला,
शांततेवर.
मुलांना ती निळी टोपीही दाखवा.
टोपी कपाटात आहे, उंदरानं एक कड कुरतडलीय.
शब्दांचं म्हणाल तर
संध्याकाळपासून आगरवाड्याच्या बांधावर
सगुण हरमलकरांच्या मागून फिरतेय,
आणि त्यांना शब्द लागत नाहीत.

ते काठीनं चिखल टोचतात.
काठी जिथं सहज आत जाते तिथं थांबतात.
"कुर्ली," म्हणतात.
बीळ अंगठ्याएवढं.
भरती रात्री अडीचला.
एवढ्याशा भोकातून शापोरा खाजनात शिरली
तर तीन वर्षं कोरगूटसुद्धा धरणार नाही.
चिखलाचा गोळा, पेंढा, वरून टाच.
पुढचं बीळ.

त्या देशाचं नाव मी सांगणार नाही.
तशी सही करून दिली होती,
नसती दिली तरी सांगितलं नसतं.
काम होतं ऐकण्याचं.
पत्र्याची खोली, टेबल, दुभाषा,
जनरेटरच्या मर्जीनं फिरणारा पंखा
आणि अकरा पानी अर्ज.
कोणी मारलं. केव्हा. अंगावर गणवेश होता का.
मेलेल्यांची संख्या. मालमत्तेचं नुकसान.

एक बाई चार तास उन्हातून चालत आली.
दोन मुलगे सांगितले तिनं, आवाज हलू न देता,
रेशनकार्डावरची नावं वाचावीत तसे.
मग म्हणाली, झाकण लिही.
दुभाष्यानं दोनदा विचारलं.
झाकण. टोपाचं.
टोप टाकून गेले आणि झाकण नेलं.
मधोमध पोचा होता त्याला,
धाकट्यानं पाडलेला.

झाकणाला रकाना नव्हता.
मी समासात लिहिलं: झाकण, एक. पोचा, मधोमध.
पेन थांबेपर्यंत ती पेनाकडे पाहत राहिली.
मग विचारलं, आता काय होईल?

याचं उत्तर आम्हाला प्रशिक्षणात दिलेलं होतं:
आम्ही कसलंही वचन देऊ शकत नाही.
मी ते स्पष्ट उच्चारात दिलं.
ती हसली असावी.
दुभाष्यानं हसण्याचं भाषांतर केलं नाही.

छावणीच्या कुंपणापासून अर्ध्या किलोमीटरवर
एका रात्री एक घर जळत होतं,
आणि आम्ही वायरलेसभोवती उभे, आदेशाची वाट पाहत.
आदेश आला. सकाळी. चांगल्या भाषेत होता.
सरपंच, हे चौथीच्या वर्गाला सांगू?

मानशीची दारं लाकडाची.
ओहोटीला आपली आपण उघडतात,
भरती आली की मिटतात,
खाऱ्याची नाहीत, गोड्याचीही नाहीत.
तिकडे असताना मी हा दाखला द्यायचे,
नव्या पोरांना, जेवणाच्या सुट्टीत,
आणि ती माना डोलवायची.
आज बॅटरी धरून जवळून पाहिलं.
नदीच्या बाजूच्या फळ्या कुजल्यात,
बोटानं भुगा निघतो.
सगुणांनी यंदा पंचायतीकडे तीन अर्ज दिलेत,
तिसऱ्याची पोचही मिळाली.

बांध टिकेल का, मी विचारलं.
मलाच कसंसं झालं ते विचारताना,
कारण आवाज तिचा होता.
सगुणांनी काठी पुसली,
नदीकडे पाहिलं, तोंडातली सुपारी थुंकली.
"आजची रात रवात."

वचन नव्हतं ते.
पण म्हणून तर ते अजून चालत होते, वाकून,
दुसऱ्या टोकापर्यंत, बॅटरी विझत आली तरी.

अडीचला जाग आली.
कुत्रं भुंकलं नाही, पाणी वाजलं नाही,
वाड्यावर कोणी कोणाला हाक मारली नाही.
काही न घडल्याची नोंद
कुठल्या पानावर करायची असते,
एवढ्या वर्षांत मला कोणी सांगितलेलं नाही.

उठले. उद्याचं भाषण अजून कोरं.
ओट्यावर रात्रीचा भात होता.
झाकण उचललं,
उगाच मधोमध हात फिरवला,
ठेवलं परत.